मिडलटनचा एडगर वूड

एडगर वूडला चित्रकार व्हायचं होतं आणि वडिलांना तो गिरणीत हवा होता. थॉमस ब्रॉडबेंट वूड हे मँचेस्टरच्या उत्तरेला सात-आठ किलोमीटरवर असलेल्या मिडलटन गावचे कापडगिरणीवाले. शिस्तीचे कडक, गावात शब्दाला वजन असलेले. १८६० साली जन्मलेल्या या मुलाने गिरणीला साफ नकार दिला, वडिलांनी चित्रकलेला. शेवटी दोघांनीही थोडं आवरतं घेतलं आणि मुलगा आर्किटेक्टच्या हाताखाली उमेदवारी करायला मँचेस्टरला गेला.

ही तडजोड मला फार ओळखीची वाटते. एलिमेंटरी-इंटरमीजिएटला ए ग्रेड मिळवलेल्या कितीतरी मराठी मुलामुलींना घरून सांगितलं गेलं असेल, "फाइन आर्ट नको, आर्किटेक्चर कर. त्यातही ड्रॉइंग असतंच की." मलाही सांगितलं गेलं होतं, आणि मी ऐकलं. म्हणूनच मँचेस्टरला राहायला आल्यावर वूडच्या इमारती पाहायला लागले, तेव्हा माझं लक्ष सारखं एकाच गोष्टीकडे जायचं. वडिलांनी नको म्हटलेला तो चित्रकार पुढे कुठे गेला? माणूस पोटापाण्याला लागला की आतली ऊर्मी विझते, असं आपण सहज म्हणतो. वूडच्या बाबतीत ती विटेत, गिलाव्यात आणि टाइलमध्ये उतरली असं मला वाटतं.

त्याच्या बालपणाचा आणि मुंबईचा एक संबंध आहे, तो सांगायलाच हवा. वूड जेमतेम वर्षाचा असताना अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं. दक्षिणेकडच्या बंदरांची नाकेबंदी झाली आणि लँकेशायरच्या गिरण्यांना कापूस मिळेनासा झाला. १८६१ ते १८६५ हा काळ तिथे कापसाचा दुष्काळ म्हणूनच ओळखला जातो. गिरण्या थंडावल्या, हजारो कामगार मदतीच्या रांगेत उभे राहिले. त्याच चार वर्षांत मुंबईत पैशाचा पूर आला. पश्चिम हिंदुस्थानातून जाणाऱ्या कापसाला तिकडे सरसकट 'सुरत' म्हणत. आखूड धाग्याचा, कचरा मिसळलेला, काततानाच तुटणारा हा माल तिथल्या कामगारांना नकोसा होता, पण दुसरा मिळतच नव्हता. "देवा, कापूस पाठव, पण सुरतेचा नको," अशी प्रार्थना त्या दिवसांत झाल्याचं अजून सांगितलं जातं. याच व्यापारात प्रेमचंद रायचंद मोठे झाले आणि त्यांच्या देणगीतून पुढे राजाबाई टॉवर उभा राहिला. त्याचा आराखडा लंडनच्या जॉर्ज गिल्बर्ट स्कॉटने केला, जो मुंबईला कधी आलाच नाही.

वूडची कामाची रीत याच्या अगदी उलट. ज्या रस्त्यावर बांधायचं तो रस्ता, तिथला दगड, तिथली हवा आणि तिथे राहणारी माणसं त्याला ठाऊक असत. मिडलटन, ऑल्डहॅम, रॉचडेल, हडर्सफील्ड, मँचेस्टर, हेल: त्याचं बहुतेक काम एका दिवसात जाऊन परत येता येईल अशा टापूत आहे. लंडनला जाऊन नाव काढण्याच्या मागे तो लागला नाही. ब्रिटनमध्ये तेव्हा, आणि पुष्कळ अंशी आजही, लंडनबाहेर राहणाऱ्या कलावंताला दुय्यम समजण्याची सवय आहे. वूडची कामं नीट पाहिली की ही सवय किती अन्यायाची आहे ते कळतं.

मिल्स अँड मर्गाट्रॉइड या मँचेस्टरच्या फर्ममध्ये त्याचं शिक्षण झालं. १८८५ साली तो परीक्षा पास झाला आणि स्वतःची प्रॅक्टिस सुरू केली. सुरुवातीची कामं घरं, दुकानं, गावातली एक बँक अशी. विल्यम मॉरिसच्या विचारांनी भारावलेली ती पिढी होती. यंत्राने काढलेल्या बेजान वस्तूंपेक्षा कारागिराच्या हाताला मान मिळावा, घरातली खुर्ची आणि दाराची कडी यांचाही घराइतकाच विचार व्हावा, हे त्यांचं म्हणणं. १८९६ साली मँचेस्टरमध्ये नॉर्दर्न आर्ट वर्कर्स गिल्ड स्थापन झाली, तिच्या संस्थापकांत वूड होता. चित्रकार, सुतार, लोहार, शिल्पकार आणि आर्किटेक्ट यांना एकत्र बसवणारी ती संस्था होती. स्वतः वूड रस्त्यातून चालायचा तो काळा घोळदार झगा घालून. आत लाल रेशमी अस्तर, डोक्यावर रुंद काठाची हॅट, हातात चांदीच्या मुठीची काठी. गिरण्यांच्या धुराने काळवंडलेल्या गावात झग्याचा तो लाल पदर क्षणभर उलगडत असेल ते चित्र मला फार आवडतं. चित्रकार व्हायची इच्छा त्याने लपवून ठेवली नव्हती.

मिडलटनला लाँग स्ट्रीट नावाचा रस्ता आहे. त्याच भागात 'ओल्ड बोअर्स हेड' हा लाकडी चौकटींचा फार जुना पब आहे आणि वर टेकाडावर सेंट लेनर्ड्स चर्च, ज्याच्या दगडी मनोऱ्याचा माथा चक्क लाकडाचा आहे. अशा शेजारात वूडने १८९९ ते १९०१ या काळात वेस्लीच्या अनुयायांसाठी, म्हणजे मेथडिस्टांसाठी, चर्च आणि त्याला जोडून शाळा बांधली. मेथडिस्टांची चर्च त्या काळी बहुधा रस्त्याला छाती काढून उभी असत. मोठा दर्शनी भाग, त्यावर संस्थेचं नाव, आत सभागृह. वूडने सगळ्या इमारती एका चौकाभोवती बसवल्या. रस्त्यावरून कमानीखालून आत गेलं की एकदम बाग लागते. एका बाजूला लाल विटेचं, दगडी काठांचं चर्च, बाकीच्या बाजूंना शाळा आणि सभेची दालनं. ही दालनं मुद्दाम ठेंगणी, घरगुती ठेवलेली, आणि कुठलीही बाजू दुसरीसारखी नाही. इथे विटेचा लाल, तिथे गिलाव्याचा फिका रंग, वर छपराचा करडा. पाऊस पडून गेल्यावर हे रंग जे उजळतात ते बघण्यासाठी मी त्या चौकात पुन्हा पुन्हा गेले आहे. लँकेशायरमध्ये पाऊस पडून जाण्याची वाट फार पाहावी लागत नाही.

त्या चौकात उभं राहिलं की या माणसाचा स्वभाव कळतो. देवळात येणारा माणूस गिरणीतून येतो, सहा दिवस तो भोंग्यावर जगलेला असतो. त्याला आधी बाग द्यायची आणि मग चर्च. भक्तीच्या आधी थोडा श्वास. चर्चच्या आतही तेच. भिंतींवर गर्दी नाही, कमानी रुंद आणि शांत, आणि जिथे हात लागणार, नजर टेकणार, तिथे, म्हणजे व्यासपीठाला, बाकांना, बाप्तिस्म्याच्या कुंडाला कारागिरी. हे सामानही वूडनेच काढलेलं. एका छोट्या गावातल्या, फारशी ऐपत नसलेल्या मंडळींसाठी त्याने इतका जीव ओतला याचं मला अजूनही भरून येतं.

हडर्सफील्डजवळच्या लिंडली गावातला घड्याळाचा मनोरा १९०२ सालचा. तिथल्या साइक्स घराण्यासाठी वूडने घरंही बांधली होती. त्यांचा धंदा कार्डिंगचा, म्हणजे लोकर आणि कापूस पिंजणाऱ्या यंत्रांना लागणाऱ्या तारांच्या पट्ट्यांचा. जेम्स नील्ड साइक्स यांनी आपल्या जन्मगावाला हा मनोरा भेट दिला आणि तसं त्यावर कोरून ठेवलेलं आहे. सुमारे २५ मीटर उंच, कोपऱ्यांना वर निमुळते होत गेलेले दगडी आधार, बाजूला अष्टकोनी जिन्याचा बुरूज आणि माथ्यावर पॅगोड्याची आठवण करून देणारं छप्पर. टी. स्टर्लिंग ली या शिल्पकाराच्या आकृती त्यावर आहेत. त्या दगडातून उगवून आल्यासारख्या दिसतात, वरून चिकटवलेल्या वाटत नाहीत. युरोपात त्या सुमारास आर नूव्हो या सजावटशैलीची वळणदार लाट होती आणि इंग्लंड तिच्यापासून जरा फटकूनच राहिलं होतं. यॉर्कशायरच्या एका चौरस्त्यावर मात्र ती अशी ठामपणे उभी राहिली आहे.

आणि मग मँचेस्टरच्या व्हिक्टोरिया पार्कमधलं फर्स्ट चर्च ऑफ ख्राइस्ट, सायंटिस्ट. १९०३ साली याचं काम सुरू झालं. ख्रिश्चन सायन्स हा मेरी बेकर एडी यांनी अमेरिकेत, बोस्टनला काढलेला पंथ. त्यात पाद्री नाही. दोन वाचक समोर उभे राहून वाचन करतात, आणि बुधवारी लोक आपापले अनुभव सांगतात. पंथ नवा, तेव्हा त्याची इमारत कशी असावी याचा ठरलेला साचा नव्हता. अशी संधी आर्किटेक्टला आयुष्यात क्वचित मिळते. वूडने समोर एक अतिशय उंच, तीव्र उताराची त्रिकोणी पांढरी भिंत उभी केली, खाली अर्धगोल कमानीचं दार. दोन्ही बाजूंना दोन बुटके भाग तिरके पुढे काढले, येणाऱ्याला कवेत घ्यायला पसरलेल्या हातांसारखे. एका कोपऱ्यात गोल बुरूज, त्यावर शंकूचं टोपडं. मधली भिंत एवढी मोठी, एवढी कोरी, की कुणालाही तिच्यावर काहीतरी लावायचा मोह झाला असता. वूडने ती कोरी ठेवली. कॅनव्हासचा किती भाग रिकामा सोडायचा हे ज्याला कळतं, त्याचंच हे काम.

आत ऑर्गनपुढची जाळी अरबी वळणाची आहे. उत्तर आफ्रिका आणि तिथल्या इस्लामी इमारतींचं वूडला मनापासून आकर्षण होतं: पांढऱ्या भिंती, सपाट माथे, आणि मध्येच एखादा रंगीत टाइलचा पट्टा. इंग्लंडच्या इमारतींचे मोठे अभ्यासक निकोलस पेव्हस्नर यांनी या चर्चला विसाव्या शतकातल्या इंग्लिश चर्चवास्तूंमध्ये मानाची जागा दिली. तरीही १९७१ साली ते बंद पडलं, रिकाम्या इमारतीची नासधूस झाली. पुढे महानगरपालिकेने ते ताब्यात घेऊन दुरुस्त केलं, म्हणून ते वाचलं. आज ते संरक्षित इमारतींच्या सर्वोच्च, म्हणजे ग्रेड वनच्या, यादीत आहे.

वूडच्या आयुष्याला सगळ्यात मोठं वळण दिलं ते जे. हेन्री सेलर्स या माणसाने. ऑल्डहॅमचा, साध्या घरातला, स्वतःच्या हिमतीवर शिकलेला आर्किटेक्ट. वूडपेक्षा जेमतेम वर्षाने लहान. १९०४च्या सुमाराला दोघं एकत्र आले. दोघांचे स्वभाव निराळे: वूड रंगात रमणारा, सेलर्स काटेकोर, प्रमाणबद्धतेचा भोक्ता. सेलर्सने ऑल्डहॅमच्या ड्रॉन्सफील्ड ब्रदर्सच्या ऑफिसला सपाट काँक्रीटचं छप्पर घातलं, आणि वूडनेही आपल्या घरांची उतरती छपरं टाकून द्यायला सुरुवात केली.

त्या काळात हे धाडस केवढं होतं ते आपल्याकडच्या माणसाला चटकन लक्षात येणार नाही. सोलापूर-मराठवाड्यात माळवदाचं घर पिढ्यान्‌पिढ्यांचं आहे. पाऊस बेताचा, उन्हाळ्यात रात्री वर झोपायचं, वाळवणं घालायची, सपाट छताला तिथे कारण आहे. लँकेशायरमध्ये वर्षभर पाऊस रिपरिपत असतो. तिथे उतरतं छप्पर हीच घराची ओळख, मुलं घर काढतात तेही तसंच. पण उतरत्या छपराची एक सक्ती असते. वरच्या पाखी नीट जुळायच्या तर खालच्या खोल्यांना त्यांच्या मर्जीने वागावं लागतं. घर पुढून मागे फार लांबवता येत नाही, एक खोली उंच आणि शेजारची बुटकी करायची तर वर पन्हळींची गुंतागुंत होते आणि पाणी नेमकं तिथेच मुरतं. सपाट काँक्रीट घातलं की ही सक्ती संपते. दिवाणखाना हवा तेवढा उंच करा, भिंत आत वळवा, बाहेर काढा. वूडने हे सगळं केलं.

स्टॅफर्डमधलं अपमीड्स हे १९०८ सालचं घर याचं ठळक उदाहरण. वर कौल नाही, त्रिकोणी गेबल नाही, इंग्लिश घराची कुठलीच लाडकी खूण नाही. समोरचा मधला भाग आत वळलेला आणि वर सरळ आडवी रेघ. हे पांढऱ्या सपाट घरांचा बोलबाला होण्याच्या बरंच आधी, एका प्रांतिक गावात बूट बनवणाऱ्या कारखानदारासाठी. पुढच्या इतिहासकारांनी वूडला आधुनिक वास्तुकलेचा अग्रदूत म्हटलं ते याच कामांमुळे. मला ते बिरूद तितकंसं पटत नाही. पुढे कोण येणार आहे यासाठी तो बांधत नव्हता. नक्षी काढून टाकल्यावर जी मोठी, शांत पातळी उरते तिच्यावर त्याचा जीव जडला होता, आणि ती पातळी त्याला रंगासाठी हवी होती.

मिडलटनच्या मँचेस्टर ओल्ड रोडवर त्याने याच सुमारास तीन साधी दुकानं बांधली. दोन मजले, सपाट माथा, आणि वरच्या भागात टाइलचे टोकदार नागमोडी पट्टे. अशा आकारांची फॅशन आली ती आर्ट डेकोबरोबर, म्हणजे १९२०नंतर. आपल्या मरीन ड्राइव्हवरच्या इमारती पाहिलेल्या कुणालाही ते पट्टे पाहून त्यांचीच आठवण होईल, आणि वूडची दुकानं त्यांच्याही आधी पाव शतक. येणारेजाणारे त्यांच्याकडे वळूनही पाहत नाहीत, गाड्या सुसाट जातात. मी समोरच्या फुटपाथवर उभी राहून ते पट्टे वहीत काढले. काढताना कळलं की ते एकसारखे भरलेले नाहीत. कडा, मधला भाग, खिडकीशी येणारा तुकडा, प्रत्येक ठिकाणी विचार केलेला आहे. हे काम कंत्राटदारावर सोडलेलं नाही.

वडिलांच्या पश्चात पैशाची ददात उरली नाही, तेव्हा वूडने प्रॅक्टिस हळूहळू आवरती घेतली. १९१४ ते १९१६ मध्ये, महायुद्ध चालू असताना, हेलला त्याने स्वतःसाठी रॉइड हाउस बांधलं. समोरची विटेची भिंत धनुष्यासारखी आत वळलेली, माथा सपाट, आणि मधोमध, दाराच्या वर, रंगीत टाइलच्या चौकटांचा उभा पट्टा. बाकी सगळं घर गप्प. स्वतःच्या घराच्या दर्शनी भिंतीवर त्याने रंगाला एकच जागा दिली, आणि ती नेमकी मधली.

पुढे तो इटलीला गेला. भूमध्य समुद्राच्या काठी पोर्तो मॉरिझिओला, जे १९२३ साली ओनेल्याबरोबर जोडलं जाऊन इंपेरिया शहर झालं, तिथल्या मोंते काल्व्हारिओवर त्याने घर बांधलं, त्याच्या भिंती रंगवल्या आणि मनसोक्त चित्रं काढली. १९३५ साली तिथेच तो वारला. वूड तिथे असतानाच, १९२३ ते १९२७ या काळात, ग्लासगोचा चार्ल्स रेनी मॅकिंटॉश त्याच समुद्राच्या फ्रेंच किनाऱ्यावर, पोर्त-व्हांद्रला जलरंगात चित्रं काढत होता. उत्तरेकडच्या दोन औद्योगिक शहरांतले दोन श्रेष्ठ आर्किटेक्ट, दोघंही बांधकाम मागे टाकून उन्हात बसून चित्रं काढताहेत. मॅकिंटॉश पैशाने खचलेला, वूडला ती काळजी नाही. मॅकिंटॉशचे जलरंग आज जगभर ओळखले जातात, वूडची चित्रं फारशी कुणाला माहीत नाहीत. इमारतींच्या बाबतीतही तेच झालं, आणि ते मला जास्त खुपतं. जर्मनीच्या हर्मान मुथेसिउसने १९०४-०५ मध्ये इंग्लिश घरांवरचा आपला मोठा ग्रंथ काढला, त्यात वूडची वाखाणणी आहे. परदेशातून आलेल्या अभ्यासकाला जे दिसलं ते लंडनला पुष्कळ वर्षं दिसलं नाही.

वडिलांनी त्याला पहिल्यापासून चित्रकार होऊ दिलं असतं तर? हा प्रश्न मी स्वतःला पुष्कळदा विचारते, त्याच्यापुरता आणि माझ्यापुरताही. त्याच्यापुरतं माझं मत आता पक्कं आहे: व्हिक्टोरिया पार्कमधल्या पांढऱ्या भिंतीइतकं मोठं काही त्याने कॅनव्हासवर काढलं असतं असं मला वाटत नाही. त्याला अडवणारं काहीतरी हवं होतं. गिऱ्हाइकाचा खर्च, विटेचं माप, पाऊस, मेथडिस्टांची समिती. इटलीत हे काहीच नव्हतं.

त्याच्या काही इमारती गेल्या. मिडलटनचं युनिटेरियन चर्च त्याने १८९२ साली बांधलं होतं, ते पाडलं गेलं. डर्नफर्ड स्ट्रीटची शाळाही गेली. पण त्याच सुमारास, १९०८ ते १९१० मध्ये, सेलर्सबरोबर बांधलेली एल्म स्ट्रीटची शाळा उभी आहे आणि तिथे अजून प्राथमिक शाळाच भरते. मँचेस्टरला कुणाकडे गेलात तर रॉचडेलच्या बसने मिडलटनला उतरा. आधी लाँग स्ट्रीटचा चौक, मग मँचेस्टर ओल्ड रोडची दुकानं पाहा, आणि एल्म स्ट्रीटला शाळा सुटायच्या वेळी जा. तिची समोरची भिंत आत वळलेली आहे. मुलांना न्यायला आलेले आईबाप त्या वळणातच घोळक्याने उभे असतात.